सोमजाईचा अडकलेला कौल

राज्य नको, वैभव नको, स्वर्गातली जागाही नको. सोमजाईच्या खांद्यावरची एक ओली पाकळी सुटून खाली पडावी, एवढेच भागोजी गुरवाचे मागणे होते. उजवी पडली तर हो. डावी पडली तर नाही. कोणतीही पडो, पण पडो!

हेदवीकडे जाणाऱ्या वाटेवर, कातळाच्या उघड्या, सपाट सड्याखाली सोमजाईचे देऊळ आहे, आणि भागोजी तिचा गुरव. पहाटे तिला न्हाऊ घालावे, कुंकू रेखावे, समई उजळावी. आणि कुणी अडलेला आला की त्याच्यासाठी गाऱ्हाणे घालून कौल लावावा. देवीच्या दोन्ही खांद्यांवर पाण्याने पाकळ्या चिकटवायच्या, हात जोडायचे आणि वाट पाहायची. मुलीचे लग्न, मुलाची बोटीवरची नोकरी, नवी विहीर, आंब्याची कलमे, जे जे गावाने केले ते आईला विचारून केले. भागोजीच्या घरात कमळा आली, तीही उजव्या कौलाने.

विजेचे यंत्रही तसेच आले. अलोऱ्याला पाण्यावर वीज होते हे भागोजीने पाहिले होते. हे यंत्र पाणी मागत नव्हते, कोळसा मागत नव्हते, ऊनही मागत नव्हते. गाभाऱ्याच्या फरशीखाली तांब्याचा पत्रा, भिंतीपलीकडच्या खोलीत काचेचा एक मोठा घट, आणि त्या घटात वाऱ्यावाचून फिरणारे चाक. देवीचे तेज पत्र्यात उतरे, पत्र्यातून घटात जाई, आणि घटातून तारांवाटे घराघरात. बसवण्याआधी गावाने रीतसर कौल लावला. पाकळी लागलीच उजवी पडली. लेकरांनी मागितले, आईने दिले. आईला नाही म्हणता येते कुठे?

ती शेवटची पाकळी. त्यानंतर एकही पडली नाही. लावलेली पाकळी खांद्यावरच सुकून जाई.

गावाला त्याचे फारसे वाटले नाही. बागेत पंप चालत होते, मासळीसाठी बर्फ होत होता, माजघरात पंखे फिरत होते. ज्याचे सगळे सुरळीत चालले आहे, त्याला विचारायचे काय असते! भागोजीलाही आजवर स्वतःसाठी विचारायची वेळ आली नव्हती.

ती आता आली. कमळाच्या हृदयाची झडप निकामी झाली होती. रत्नागिरीच्या डॉक्टरांनी मुंबईला न्यायला सांगितले. मुलाने, गुरुप्रसादने, तिथे शस्त्रक्रियेची तारीख मिळवली. श्रद्धाने, सुनेने, सासूची बॅग भरली. पण कमळा उंबऱ्याबाहेर पाऊल टाकीना.

"आईचा शब्द घेऊन या," ती नवऱ्याला म्हणाली. "उजवा दिला तर हसत जाईन. तिला न विचारता छाती उघडून घ्यायची नाही मला."

"अगो, ती हल्ली बोलत नाही."

"माझ्याशी बोलेल."

भागोजी तडक भिकाजी मानकऱ्यांच्या अंगणात गेला. यंत्राच्या खोलीची किल्ली त्यांच्याकडे असे.

"एक दिवस यंत्र बंद ठेवा, भिकाजीदादा. आईच्या अंगात जरा त्राण येऊ दे. पाकळी पडली की लगेच लावा पुन्हा."

"मी कोण बंद करणारा, गुरवा? कौलाने लागलंय, कौलानेच बंद होणार. आण उजवा कौल, ही बघ किल्ली."

"यंत्र चालू असताना कौल पडणार कसा?"

"आता ते तू तुझ्या आईला विचार!" भिकाजी हसले. मग त्याचा चेहरा पाहून आवाज उतरवून म्हणाले, "बाबा रे, उद्या मी माझ्या मनाने बंद केलं, तर परवा दुसरा कुणी त्याच्या मनाने आणखी काही करील. रीत मोडायची कुणी? तू मोडशील?"

भागोजीची मान खाली गेली. रीत त्यानेच तर राखली होती.

दुसऱ्या दिवशी गुरुप्रसादचा फोन आला. "बाबा, आज संध्याकाळपर्यंत कळवायचंय. नाहीतर तारीख दुसऱ्याला देतील."

तिन्हीसांजेला भागोजीने पाकळ्या लावल्या आणि गाऱ्हाणे सुरू केले. "आई सोमजाये, तुझ्या पायरीची धूळ मी. तुझ्या उजव्या शब्दाने जी घरात आली, तिच्यासाठी आज पदर पसरतोय. हो म्हण, नाही म्हण, पण मुकी राहू नको गो आई!"

शब्द ओठांतून सुटले, आणि गाभाऱ्यातला विजेचा दिवा एकाएकी लख्ख झाला. पलीकडच्या खोलीत चाक जोराने घुमू लागले. भागोजी थबकला, दिवा मंदावला. पुन्हा हाक मारली, पुन्हा लख्ख. तेव्हा त्याला उमगले. त्याचा टाहो आईपर्यंत पोहोचतच नव्हता. पायाखालचा पत्रा तो मधल्या मध्ये उचलत होता आणि तारेत घालीत होता. तो जितका कळवळावा, तितका गावात उजेड पडावा!

उजव्या खांद्याकडे त्याचा हात गेला. नखाने नुसते ढकलायचे, पाहायला कुणी नव्हते. पण ज्या हाताने तिला रोज न्हाऊ घातले, तो हात रिकामाच खाली आला. गप्प बसावे, तर काळीज फुटत होते. रडावे, तर दिवे उजळत होते. तो रडला. कपाळ उंबऱ्याला टेकून पोटभर रडला.

वाटेत भिकाजींच्या पडवीतून हाक आली, "गुरवा, आज पंपाला जोर बघ केवढा आलाय!" भागोजी थांबला नाही.

घरी कमळा खाटेवर बसली होती. तो दिसताच तिने सुनेला हाक मारली.

"श्रद्धा, बॅग उघड गो. लुगडी जागेवर ठेव."

"मी अजून काही सांगितलं नाही," भागोजी म्हणाला.

"दिवा सांगत होता. तुमच्या गाऱ्हाण्याच्या ठेक्यात मोठा व्हायचा, बारीक व्हायचा. म्हटलं, रडतायत." दम लागून ती थांबली. "थकली हो आपली आई. थकलेल्या माणसाला किती विचारायचं?"

फोन वाजू लागला. श्रद्धाने सासऱ्याकडे पाहिले. भागोजी खाटेशी बसला. कमळाचा हात त्याने दोन्ही हातांत धरला, आणि ओठ न हलवता, आवाज न करता तो मनातल्या मनात आईला आळवू लागला. डोक्यावरचा दिवा तरीही प्रखर होत गेला.

कमळाने दुसरा हात डोळ्यांवर घेतला.

"पुरे आता," ती हळूच म्हणाली. "उजेड खुपतो."