पेन्सिलीनं लिहिलेलं डाउटफुल

आमच्या सरांच्या तोंडून ‘हो’ कधी सरळ निघालं नाही. नळदुर्गात हायवेला लागून माझी पिठाची गिरणी. सर ज्वारीचा डबा घेऊन यायचे, दळण झालं की चिमूटभर पीठ बोटांत चोळायचे आणि मान तिरकी करून म्हणायचे, ‘‘डाउटफुल.’’

‘‘जाड आलंय का, सर?’’

‘‘तसं न्हाय म्हणत, आक्का. भाकरी थापल्यावर कळंल.’’

जन्मभर शाळेत इंग्रजी शिकवलेला माणूस. पोरं मागून त्यांना डाउटफुल सरच म्हणायची. त्यांना ते ठाऊक होतं. ‘‘म्हणू द्या, एक तरी स्पेलिंग पाठ झालं,’’ म्हणायचे.

स्पेलिंग मलाही त्यांनीच शिकवलं. माझी शाळा चौथीत सुटली, पुढचं जे काय आलं ते गिरणीत बसून. पत्र्याच्या डब्यावर पीठ साचलेलं असायचं, त्यात सर बोटानं अक्षरं काढायचे. मी म्हटलं, ह्यातला ‘बी’ तर ऐकूच येत नाही, मग ठेवलाय कशाला? तर म्हणाले, ‘‘घरातलं म्हातारं माणूस बोलत न्हाय म्हणून त्याला बाहेर काढता का? असू द्या.’’ अर्थ सांगताना मात्र हसले नाहीत. ‘‘आक्का, डाउटफुल म्हणजे खोटं नव्हं. खरं का खोटं अजून ठरलं न्हाय, ते डाउटफुल. हा शब्द लिहिला की काम संपत न्हाय, तिथून सुरू होतं.’’

स्थळांच्या चौकशीचं काम त्यांना आमच्या गल्लीनंच लावलं होतं. तेव्हा शिकलेल्या पोरांचे बायोडाटा इंग्रजीत टाइप करून यायला लागले होते. आयाबाया तो कागद पदराखाली धरून सरांच्या दारात. सर वाचून दाखवायचे, शंका आली की वरच्या कोपऱ्यात पेन्सिलीनं बारीक अक्षरात लिहायचे, डाउटफुल. मग एसटीनं त्या गावाला जायचे. स्टँडच्या हॉटेलात एक चहा, न्हाव्याच्या दुकानाशेजारी एक, आणि तिसरा मुलाच्या घराच्या अगदी जवळ. ‘‘तीन ठिकाणी चहा प्यायल्याशिवाय माणसाबद्दल बोलू न्हाय,’’ हा त्यांचा कायदा. परत आले की बहुतेक वेळा तो शब्द खोडून टाकायचे. मुलगी हिंदूची का मुसलमानाची, त्यांनी कधी बघितलं नाही. एसटीचं भाडं देऊ केलं तर म्हणायचे, ‘‘चहा झालाय ना, बस.’’

माझ्या मंगलला माकणी गावचं स्थळ आलं. मुलगा डी.एड. झालेला. बघायला आला तेव्हा पोहे खाऊन स्वतःची बशी स्वतःच उचलून आत ठेवायला निघाला, त्याच्या मामानं हात धरून बसवला. मंगल दोन दिवस आठवून आठवून हसत होती. मला तेवढ्यावरून समजलं, पोरीच्या मनात बसलंय.

सरांनी कागद वाचला. कुठल्याशा कंडक्टरनं त्यांना आधीच सांगितलं होतं की हा गडी रोज संध्याकाळी दारूच्या गुत्त्यापाशी दिसतो. सरांनी कोपऱ्यात डाउटफुल लिहिलं. गुडघा सुजला होता त्यांचा, संडासाला जाताना भिंत धरायचे. म्हणाले, ‘‘आक्का, जरा पाय उतरू द्या, मग जातो.’’

मी थांबले नाही. दुसरं स्थळ सोलापूरचं दारात होतं, माणसं घाई करत होती. मी तो कोपरा बघितला आणि माकणीला नकार कळवला. महिन्यात मंगलचं लग्न सोलापूरला लागलंसुद्धा.

लग्नानंतर पंधरा दिवसांनी सर काठी टेकत गिरणीत आले. डबा नव्हता हातात. ‘‘आक्का, मशीन जरा बंद करा,’’ म्हणाले. मी गिरणीचा पट्टा उतरवला. माकणीला जाऊन आले होते, तिन्ही चहा पिऊन. मुलगा गुत्त्यापाशी उभा असायचा ते खरं होतं. आत त्याचा बाप बसलेला असायचा. बापाला हाताला धरून घरी न्यायला तो रोज बाहेर वाट बघत थांबायचा.

‘‘एका गुडघ्यापायी,’’ सर म्हणाले आणि पोत्यावर बसून राहिले. मी पट्टा परत चढवला.

पुढं कैक महिने मी त्यांचं दळण दळत होते, पण आमचा शब्द बंद होता. पिठात अक्षर उमटलं नाही. त्यांनी पेन्सिलही सोडली. कुणी कागद आणला तर ‘‘डोळे गेले’’ म्हणायचे.

माझा राग मंगलनंच मोडला. दिवाळीला आली होती. जावई वाईट नाही, दारू नाही, मारणं नाही. बोलणंही नाही. मी सरांना चार शब्द वाईट बोलायला लागले, तर ती ताटातला घास खाली ठेवून म्हणाली, ‘‘आई, त्येंचा पाय दुखत हुता. तू का गेली न्हाईस?’’

दुसऱ्या दिवशी सरांच्या घरी भाकरीचं पीठ मीच नेऊन दिलं.

शेवटी शेवटी ते अंथरुणावरच होते. त्यांच्या बीबींनी उशी लावून बसवलं. मला बघून पहिलं विचारलं, ‘‘मंगल बरी हाय का?’’

‘‘बरी आहे, सर.’’

मान तिरकी केली त्यांनी, तशीच. ‘‘तीन ठिकाणी इचारलं का?’’

मला हसू आलं आणि रडूही. नाही म्हटलं. आठ दिवसांनी ते गेले.

आता मंगलची पोर लग्नाची झालीय. सुट्टीला दोघी इथंच आहेत. बायोडाटा फोनवर येतात, फोटोसकट, कोपऱ्यात पेन्सिल चालत नाही. तुळजापूरचा एक मुलगा पोरीला आवडलाय. कुणी म्हणतं चांगला आहे, कुणी म्हणतं तापट आहे. गिरणी मी आता अर्धाच दिवस चालवते, गुडघे माझेही गेलेत, एसटीची पायरी चढताना मागून कुणाला तरी ढकलावं लागतं. तरी काल रात्री गुडघ्यांना तेल लावून बसले होते, सकाळच्या तुळजापूरच्या पहिल्या गाडीसाठी. मंगलनं तेलाची वाटी बघितली. मग माझा पाय स्वतःच्या मांडीवर घेतला आणि चोळायला लागली.

‘‘तू दोन ठिकाणी चहा पी,’’ म्हणाली, ‘‘तिसऱ्या ठिकाणी म्या जाते.’’