परदेशी माशाला घरचं मीठ

माझ्या मुलाने मला मासा शिकवायला घेतला तेव्हा मला एकाहत्तरावं चालू होतं. वारज्याच्या आमच्या फ्लॅटमध्ये, ओट्यापाशी वजनकाटा मांडून उभा होता आणि मला सांगत होता, की माशाला आधी मसाल्यात मुरवावं लागतं, नाहीतर चव आतपर्यंत जात नाही. मी कणीक मळत होते. मळतच राहिले. जिचं लहानपण मालवणकडच्या किनाऱ्यावर, जाळ्यांच्या ढिगाऱ्यावर उड्या मारण्यात गेलं, तिला हिंजवडीतल्या एसीत बसणारा माणूस मासा समजावून सांगतो आहे. ऐकून घ्यायचं. वय झालं की ऐकून घेण्याशिवाय फारसं काम उरत नाही.

अशा वेळी त्याचा दोष नाही असं म्हणायची पद्धत आहे. मी म्हणणार नाही, थोडा आहेच. सात वर्षांचा होता, मे महिन्यात माझ्या माहेरी गेलो की पानावर नाक चिमटीत धरून बसायचा. माझी आई बिचारी त्याच्यासाठी वेगळ्या पातेल्यात वरणभात करायची. तेच नाक आता मला मॅरिनेशन शिकवत होतं.

बाकीचा दोष माझ्या सासरचा. आमचे हे बँकेत, त्यांची बदली झाली ती नेमकी आमच्या गावी, तिथेच आमचं जमलं. नारायण पेठेतल्या सासूबाईंनी तोंड वाकडं करून होकार दिला, पण अट घातली. मासा ह्या घरात शिजणार नाही आणि पुढे होणाऱ्या मुलांच्या तोंडीही लागणार नाही. मी विशीत होते. विशीत माणूस काहीही कबूल करतं. माहेरून परतले की आधी न्हाणीघरात जाऊन केस धुवायचे, मग स्वयंपाकघरात पाऊल टाकायचं. केसांना वास असतो म्हणे. त्यांच्या हिंगाचा वास पार जिन्यापर्यंत यायचा, त्याबद्दल कुणी बोलायचं नाही. तो शुद्ध वास.

हे सगळं मी गिळलं. एक गोष्ट मात्र गिळता आली नाही. माझा भाऊ, माझ्यापेक्षा आठ वर्षांनी मोठा, वर्षातून एकदा मला भेटायला पुण्याला यायचा. पिशवीत आमसुलं, कुळथाचं पीठ, फणसाची साठं. सासूबाई ती पिशवी दारातच उघडायला लावायच्या, सुकी मासळी तर आणली नाही ना बघायला. ज्याची स्वतःची होडी होती, जो गावात कुणापुढे मान खाली घालत नसे, तो माझा भाऊ आमच्या उंबऱ्याबाहेर उकिडवा बसून एकेक पुडी सोडायचा आणि सासूबाई वाकून वास घ्यायच्या. मग आत येऊन तो आमटीभात जेवायचा आणि छान झालीय म्हणायचा. छान कसली, गोडमिट्ट असायची. एकदा मी त्याला स्टँडवर पोचवायला गेले तेव्हा एसटीच्या खिडकीतून म्हणाला, "एकदा तरी तुज्या घरात तुज्या हातचो मासो जेवतलंय गो." गाडी सुटली. मी घरी येऊन भात लावला.

ह्या गोष्टीला खूप वर्षं झाली. सासूबाई गेल्या, हे गेले. दोन वर्षांपूर्वी पेठेतली जागा सोडून मी मुलाकडे आले. आता वाटलं होतं, मोकळी झाले. तर मुलगा कंपनीच्या कामाने परदेशात जाऊन आला आणि मासे खायला लागला. मला काय आनंद झाला, विचारू नका. पण तो बांगडा खात नाही, सुरमई खात नाही, त्यांना वास येतो. खातो फक्त सामन, तो परदेशातून येणारा मासा, तोही ग्रिल केलेला, तोही स्वतः केलेला. मी जवळ गेले की म्हणतो, "आई, तू बस गं, तुला ह्यातलं नाही कळणार." म्हणजे आधी सासूने ओट्यापासून लांब ठेवलं, मग पोटच्या पोराने. पुण्यात येऊन मला पन्नास वर्षं होत आली, आणि ह्या शहरात माझ्या हाताला एकदाही मासा लागला नव्हता.

तर भाऊ आला. मोतीबिंदू काढायचा होता, इथल्या डॉक्टरांकडे काढला, आठ दिवस आमच्याकडे राहिला. गुडघे पार गेलेले. जिना उतरताना म्हणाला, आता परत काही येणं होणार नाही, तूच ये कधीतरी. सोमवारी सकाळी त्याची गाडी होती. राहिला रविवार. मी शनिवारी मुलाला म्हटलं, मला मासळी बाजारात घेऊन चल, मी निवडून चांगला रावस आणते. तो म्हणाला, मामा घरी तेच खातो की रोज, आपण त्याला काहीतरी वेगळं देऊ, मी सामन मागवलाय. भाऊ सोफ्यावर डोळ्याला हिरवा चष्मा लावून बसला होता. त्याने रेडिओ लावला. मी तांदूळ निवडायला घेतले.

रविवारी सकाळी मासा आला. मासा कसला, प्लॅस्टिकमध्ये आवळून बसवलेले चार गुलाबी चौकोन. डोकं नाही, शेपूट नाही, कल्ला उचलून लाल आहे की नाही बघायची सोय नाही. मासा ओळखायचा तो डोळ्यांवरून, आणि ह्याला डोळेच नाहीत, आणि तो खायला घालायचा डोळ्याचं ऑपरेशन झालेल्या माणसाला. बर्फातून निघून कुठल्या कुठल्या विमानांतून फिरून आलेला. आमच्या गावची मांजरं लाडावलेली होती, त्यांनी ह्याच्याकडे वळूनही पाहिलं नसतं.

मग सुरू झालं मॅरिनेशन. आम्ही ह्याला मसाला लावून ठेवणं म्हणतो आणि ते काम करताना शेजारणीशी गप्पा मारतो. इथे ओट्यावर मोबाईल उभा केलेला, त्यात एक दाढीवाला गोरा माणूस बोलतोय. तो थांबला की हाही थांबणार. काचेच्या भांड्यात काळं सोया सॉस मोजून ओतलं. ऑलिव्ह तेल मोजून. लिंबू पिळलं आणि तेही चमच्याने मोजलं. लसणाच्या पाकळ्या दोन. चार माणसांच्या माशाला दोन पाकळ्या, आणि त्याही सालं काढून किसणीवर, जसं काही केशरच. वर मध. मध आम्ही खोकला झाला की चाटवतो. मी म्हटलं, हळद? तर व्हिडिओत नाही म्हणाला. आलं तरी? म्हणाला, आलं चव मारतं. सून टेबलावर लॅपटॉप उघडून बसली होती, ती नागपूरकडची, तिच्या माहेरच्या रश्शाने डोळ्यांतून पाणी येतं. तिने मान वर न करता सांगितलं, "आई, तो व्हिडिओ पाहून राहिला, आता काही बोलू नका त्याला."

चौकोन त्या काळ्या पाण्यात बुडवून, वर पातळ प्लॅस्टिक ताणून, फ्रिजमध्ये ठेवून तो पलीकडच्या सोसायटीतल्या मित्राकडे ग्रिल आणायला गेला. जाताना मला म्हणाला, त्याला हात लावू नकोस हं, तो आता मुरतोय.

दार लागलं. मी दोन मिनिटं बसले. बाहेर भाऊ रेडिओ ऐकत होता. आणि मला दिसलं ते असं, की तो हे गोड काळं काहीतरी जेवणार, सासूबाईंच्या आमटीसारखंच, छान झालंय म्हणणार आणि उद्या सकाळच्या गाडीने जाणार. संपलं.

उठले. फ्रिज उघडला. चारही तुकडे ताटात काढले. मूठभर लसूण सोलायचीसुद्धा नाही, ठेचायची, ती ठेचली. आलं ठेचलं. हळद, लाल तिखट, आणि भावाने ह्या खेपेला आणलेलं कोकमाचं आगळ. आणि मीठ. आमच्याकडे मासा धुताना मीठ चोळतात, आणि मी लग्नाआधी धुताना चोळायचे ते चोळायचेच, वर मसाल्यात पुन्हा घालायचे. आई ओरडायची. भाऊ जेवून उठला की कळशी तोंडाला लावायचा आणि ओरडायचा, की ही दर्या घेऊन आली ताटात. पण तेव्हाची सवय हाताला तशीच होती, हाताला वय नसतं. धुतलं मिठाने आणि मसाल्यात पुन्हा घातलं. मग चोळून चोळून तुकडे परत त्या काळ्या पाण्यात टाकले. सगळं आत बुडालं, वरून पत्ता लागेना.

तेवढ्यात सून पाण्याची बाटली भरायला आली. माझे हात हळदीने पिवळे. तिने हातांकडे पाहिलं, भांड्याकडे पाहिलं, बाटली भरली आणि जाताना स्वयंपाकघराचं दार ओढून घेतलं. चांगल्या घरची पोरगी आहे.

दुपारी गॅलरीत ग्रिल लागलं. मुलगा एप्रन बांधून, हातात थर्मामीटर घेऊन. माशाला ताप बघतात, हे मी त्या दिवशी पाहिलं. तुकडे बाहेर काढून खुशीत म्हणाला, बघ, रंग काय आलाय, अगदी व्हिडिओतल्यासारखा. मी हो म्हटलं. मध जळून धूर झाला, खालच्या मजल्यावरच्यांनी खिडक्या लावल्या. लावू देत.

पानं वाढली. भाऊ, मुलगा, सून, मी. मुलाने पहिला घास घेतला आणि त्याचा चेहरा जो काही झाला. सुनेने शांतपणे तांब्या जवळ ओढला. मी माझा तुकडा तोंडात घातला आणि मला कळलं.

त्या काळ्या सॉसमध्ये मीठ असतं. नुसतं असतं नव्हे, ते मिठाचंच असतं. हे मला कुणी सांगितलं नव्हतं, आणि मी विचारलंही नव्हतं. मला वाटलं होतं, रंगासाठी घालतात. कच्च्या माशाचं पाणी कुणी चाखून बघत नाही, आणि ह्याचं तर मी बोट लावून बघण्याच्या लायकीचंही मानलं नव्हतं. सकाळपासून पोराच्या अकलेची मनातल्या मनात चाळण करत होते, आणि स्वतःची अक्कल ही अशी. पन्नास वर्षं वाट बघून भावाला वाढलं काय, तर खारवण.

मुलगा खाली मान घालून म्हणाला, "मामा, राहू दे. माझं मोजताना चुकलं. काटा बिघडलाय बहुतेक." सून ताटाकडे बघत होती. मी तोंड उघडायला हवं होतं. उघडलं नाही.

भाऊ चावत होता. सावकाश. हिरव्या चष्म्यातून डोळे दिसत नव्हते. त्याने एक घोट पाणी प्यायलं, दुसरा घास घेतला, जीभ टाळूला लावून पाहिली, आणि मान माझ्याकडे वळवली.

"काय गो, मीठ तूच घातलंस मा?"

मुलगा म्हणाला, नाही मामा, आईने हात पण नाही लावला, सगळं मीच केलं. भावाने त्याच्याकडे लक्षच दिलं नाही. ताट माझ्यापुढे सरकवलं. "भात वाढ. आणि तो तिचो तुकडो माका दी," म्हणाला, आणि सुनेचा न खाल्लेला तुकडा बोटाने दाखवला.

मी वाढला. त्याने भात कालवून दोन्ही तुकडे संपवले, काटे नसल्याबद्दल कुरकुर केली, आणि उठल्यावर उभ्याने तीन पेले पाणी प्यायलं. दुपारभर पीत होता. संध्याकाळी सुनेने मला हळूच विचारलं, मामांना ब्लडप्रेशर आहे का. मी सांगितलं, त्यांना काही होत नाही, ते लहानपणापासून हेच खात आलेत.

सोमवारी तो गेला. तिकडून फोन येतो, गावात सांगत असतो म्हणे, पुण्यात बहिणीकडे मासा जेवून आलो. कुठला मासा, ते त्याला आठवत नाही. मीही सांगत नाही.

मुलगा अजून रविवारी सामन करतो. त्या दिवसापासून सोया सॉस निम्मं घालतो, काटा नवा घेतलाय. अगदी अळणी होतं. "आता जमलं ना, आई?" विचारतो. मी जमलं म्हणते, आणि तो पाणी आणायला वळला की ताटाच्या कडेचं मीठ माझ्या तुकड्यावर भुरभुरते.