तबकडीची न वाजलेली बाजू

टेकचंददादांची माझी पहिली भेट झाली ती माझ्या कपाळावर आठ्या असताना. रविवारी जेवून जरा आडवा झालो होतो, तेवढ्यात अंबरनाथ पूर्वेच्या आमच्या खोलीच्या दारात पांढऱ्या लेंग्यातले एक उंच गृहस्थ येऊन उभे राहिले. "मास्टरजी, हार्मोनियम आप बजाते हो ना? मेरे को रेकॉर्ड काढायची आहे." मी कारखान्यात कारकून, पेटी हौसेपुरती. पण दादांना नाही म्हणणे आजवर कोणाला जमलेले नाही, मलाही जमले नाही.

दादा सिंधमधले सगळे मागे टाकून उल्हासनगरच्या छावणीत आले होते. बराकीत गोणपाटाचा आडोसा, त्याआड संसार. आणि अशा जागेत त्यांनी 'नवी वस्ती रेकॉर्ड' ही कंपनी काढली. गाव सुटले, निदान बायकांची गाणी तरी सुटू नयेत, एवढेच त्यांच्या मनात होते. पहिल्या तबकडीच्या एका बाजूला त्यांच्या पत्नी जेठीबाई सिंधी लग्नगीत गायल्या. दुसऱ्या बाजूला काय घ्यावे, असा प्रश्न पडला तेव्हा दादाच म्हणाले, "जिथे राहतो तिथला गाना पाहिजे." म्हणून माझी धाकटी बहीण शांता हिच्या जात्यावरच्या ओव्या घेतल्या. दोघींच्या मागे पेटी माझीच.

कंपनी चालली नाही. ज्यांच्यासाठी तबकड्या काढल्या त्यांच्या घरात धड भांडी नव्हती, ग्रामोफोन कुठून असणार? ही साधी गोष्ट आम्हा दोघा शहाण्यांच्या डोक्यात आली नव्हती. दादा आपला चावीचा ग्रामोफोन डोक्यावर घेऊन मोरिवलीपासून बदलापूरपर्यंत फिरले. लोक मन लावून ऐकत, चहा पाजत आणि तबकडी न घेता निरोप देत. अखेर उरलेला माल तबकड्या छापणाऱ्या कारखान्याने परत नेला, दळून नव्या तबकड्या करायला. पहिल्या तबकडीची एकच प्रत दादांनी ठेवून घेतली. तोवर जेठीबाई तापाने गेल्या होत्या. पुढे बाळंतपणात शांताही गेली.

मला सांगायचे आहे ते त्यानंतरचे. माझ्या आईने अंथरूण धरले होते. दादा दर गुरुवारी ग्रामोफोन घेऊन येत, नवी सुई लावत आणि तिला शांताच्या ओव्या ऐकवत. आई एकदा म्हणाली, "अहो, ती उलटी बाजूपण लावा की. तुमच्या मंडळींचा आवाज ऐकू दे मला."

दादा म्हणाले, "आई, सुईने आवाज घिसतो. एकच राहिली आहे."

आई जाईपर्यंत शांताच्या बाजूची नुसती खरखर उरली होती. ती झीज दादांनी कधी बोलून दाखवली नाही. अशा माणसाचे उपकार कोणत्या शब्दांत मानावेत, मला कळत नाही.

जेठीबाईंची बाजू अजून नव्यासारखी चकचकीत आहे. इतक्या वर्षांत दादांनी ती एकदाही लावलेली नाही. आणि गेल्या दिवाळीपासून दादांना ऐकू येईनासे झाले आहे. डावा कान गेलाच, उजवाही फार दिवस साथ देणार नाही, असे डॉक्टर म्हणतात. दादांनी हे मला हसत सांगितले. मला हसू आले नाही.

दादांच्या साठीनिमित्त निघणाऱ्या या गौरवग्रंथात आर्जवे करायची रीत नाही, पण राहवत नाही. दादा, साठी झाली, अजून पुष्कळ जगा. हातपाय धड राहोत, दुपारची झोप शांत लागो. मात्र सोहळ्याच्या संध्याकाळी हारतुरे आटोपले की आपण दोघे बराकीत परत जाऊ. नवी सुई मी आणून ठेवली आहे. उजवा कान भोंग्याशी धरा आणि ती बाजू लावा. झिजली तर झिजू द्या.