थोरलीचा डॉक्टर, धाकटीचा डॉक्टर

माझी मावशी तिच्या दवाखान्यात पेशंटच्या नंबराच्या चिठ्ठ्या फाडत होती, पण डोळे खिडकीबाहेर. रस्त्यापलीकडच्या दवाखान्यात, बाकावर, गुडघा धरून तिची सख्खी सासू बसलेली! शेजारी धाकटी जाऊ, गळ्यात ओळखपत्र लटकवून सासूला पाणी देतेय. मावशीच्या अंगाचा नुसता तिळपापड झाला.

"अहो बाई, माझा नंबर मधोमध फाडलात!" समोरचा पेशंट ओरडला.

"मग घ्या चिकटवून," मावशी म्हणाली.

दोघी जावा दोन दवाखान्यांत कामाला, तेही समोरासमोर. मावशीच्या डॉक्टरला कारखाना वर्षाचे माणशी ठरलेले पैसे देतो, कामगारांच्या घरच्यांचेही. पेशंट दहादा आला तरी तेवढेच. त्यामुळे हा बाबा माणसाला आजारी पडूच देत नाही. मीठ कमी करा, चाला, निघा. समोरच्याला प्रत्येक सुईचे वेगळे, प्रत्येक एक्स-रेचे वेगळे. तिथं शिंकलात तरी छातीचा फोटो निघतो. लोकांना तेच आवडतं. खिसा हलका झाला की आजार पळाला असं वाटतं त्यांना.

संध्याकाळी सासूबाई एक्स-रे खिडकीला लावून शेजारणीला दाखवत होत्या. "हे माझं हाड! धाकटीच्या शब्दाला वजन आहे हो, एक पैसा घेतला नाही. आणि थोरलीचा डॉक्टर काय सांगतो? चाला! चालता येत असतं तर गेले असते का मी डॉक्टरकडं?"

धाकटी मान खाली घालून भांडी घासत होती. काय तो साळसूदपणा, मावशी मनात म्हणाली. तिला रात्रभर झोप नाही.

सकाळी तिनं डॉक्टरलाच धरलं. "साहेब, सासूबाईंना एक तरी सुई टोचा हो. घरात माझी काही किंमत राहील."

"गुडघा वयानं झिजलाय. सुईनं वय उतरतं का? रोज पाय उचलायचा व्यायाम करू दे. त्या बऱ्या राहिल्या तर माझंच काम कमी होईल."

"म्हणूनच आपलं कुणी नाव काढत नाही!" मावशी तोंडावर बोलली. ती कुणाला भीत नाही.

व्यायामाचं तिनं घरी सांगितलंच नाही. परत हसं करून घ्यायचं का? मग त्या फुकटच्या फोटोमागून समोरच्यानं दहा सुया लिहिल्या. त्या मात्र विकत. निम्मे पैसे मावशीनं दात खात भरले. गुडघा होता तिथंच.

धाकटीनं ते काम सोडलं तेव्हा कुठं मला कळलं. तिथं कामाला असलेल्या प्रत्येकीला दिवसाला एक्स-रेचे बारा पेशंट आणून द्यावे लागायचे, नाहीतर नोकरी गेली. सासू तिथं बाकावर बसली त्या दिवशी धाकटीचे अकराच झाले होते. बाराव्याचे पैसे तिनं स्वतःच्या पगारातून भरले आणि सासूला सांगितलं, फुकट आहे, चला.