'येते' म्हणून गेलेल्यांच्या खोल्या

रायापूरच्या आमच्या शाळेत मी जिने शिकवते आणि गोविंदअण्णा उंबरे. शिकवतात म्हणजे शिकवायचे, आता वर्गात बसायला उरलंय कोण? नव्या माणसाला आधीच सांगावं लागतं की ही जादूच्या बांधकामाची शाळा आहे, नाहीतर लोक फाटकातूनच सिमेंटचा भाव विचारतात. मी शिकवलेला जिना म्हाताऱ्या पायांना बघून आपल्या पायऱ्या बुटक्या करतो. अण्णांनी शिकवलेला उंबरा ऐकतो. घरातून निघताना माणूस 'येते' म्हणून गेलं, की घर त्याची खोली जिवंत ठेवतं. भिंत कोमट राहते, सकाळ झाली की खिडकी आपली आपण उघडते. माणूस परत येईपर्यंत हे चालू राहतं.

ज्याने कोणी ही विद्या काढली त्याला माझा नमस्कार, पण त्याला आपली माणसं कळली नव्हती. आपल्यात निघताना 'जाते' म्हणतं का कोणी? कन्नड बोलणारेही 'होगि बर्तीनि' म्हणतात, जाऊन येतो. मसणात निघालेला माणूससुद्धा तोंड उघडता आलं तर तेच म्हणेल. शाळेच्या मागच्या खोल्यांत राहून शिकलेलं एकेक पोर उंबऱ्यावर वाकून 'येतो सर' म्हणालं आणि बेंगळुरूला, पुण्याला, दुबईला गेलं ते गेलंच. शाळेचं घर बिचारं विश्वास ठेवून बसलं. घराचा श्वास तो केवढा, तो सगळा मागच्या ओळीतल्या रिकाम्या खोल्या कोमट ठेवण्यात संपायला लागला. वर्ग भरायचा त्या दिवाणखान्याची तुळई वाकली.

अण्णा शाळेतच राहतात. त्यांचे वडील मिरजेकडून हुबळीत येऊन कापड विकायचे. दुकान अण्णांना मिळायचं होतं, पण हे लहानपणीच कुणाच्या तरी उंबऱ्याला कान लावून बसले आणि दुकानाचं नाव काढेनात. बायको, कमलवहिनी, देवमाणूस. दवाखान्यात नेताना स्ट्रेचरवरून त्या मला म्हणाल्या, "येते गं शांता." त्यांची खोली अजून उघडी आहे. ती आता कोण मिटवणार?

मिटवायचा उपाय एकच. जो 'येतो' म्हणून गेला त्याने परत यायचं, आत पाऊल टाकायचं आणि बाहेर पडताना 'जातो' म्हणायचं. फोनवरून चालत नाही. तुळई बघायला आलेल्या अधिकाऱ्याने सांगितलं, उन्हाळ्याच्या सुट्टीपर्यंत ही वर उचलली गेली तर ठीक, नाहीतर शाळेला कुलूप. अण्णांनी जुन्या मुलांना फोन लावले. सगळ्यांनी काय सांगावं? "येतो सर, नक्की येतो." मी कपाळाला हात लावला.

एक संजीव तेवढा खरंच आला, पार हैदराबादहून. मी भाकरी आणि एणगाई, म्हणजे आपली भरली वांगी, केली, तो पोटभर जेवला. मग उंबऱ्यावर उभा राहिला, अण्णांच्या पाया पडला आणि म्हणाला, "येतो सर."

"अरे गाढवा," मी म्हणाले, "मग आलास कशाला इथपर्यंत?"

त्याचा चेहरा पडला. "अक्का, सर समोर उभे आहेत. त्यांच्या तोंडावर तसं कसं म्हणू? अभद्र वाटतं."

त्याने परत आत येऊन पुन्हा म्हणून बघितलं. तीनदा बघितलं. तिन्ही वेळा तोंडातून तेच आलं. शेवटी अण्णाच म्हणाले, "असू दे रे, गाडी चुकेल." मला इतका राग आला होता की मी भांडी आपटत घासली.

त्या संध्याकाळी अण्णा म्हणाले, "शांताक्का, नेत्रा म्हणेल."

नेत्रा त्यांची मुलगी. राहते हुबळीतच, विद्यानगरात, म्हणजे बसने इथून असं किती लांब? आई दवाखान्यात शेवटच्या घटका मोजत होती आणि अण्णा इकडे वर्ग घेत होते, हे तिने त्यांना माफ केलं नाही. आईचं बारावं झालं आणि बॅग उचलून निघाली. रागात होती, तरी सवयीने 'येते' म्हणाली. वळून आली नाही. तिची खोली दिवाणखान्याला लागूनच आहे. अण्णा रोज सकाळी चहाच्या आधी त्या भिंतीला हात लावून बघतात. ती ऊब एका शब्दाची आहे, मुलीच्या मायेची नाही, हे त्यांच्याइतकं कोणाला माहीत असणार? तरी लावतात.

"तिला नका बोलावू," मी म्हणाले. "शाळा गेली तर जाऊ दे."

"शाळा गेली तर मी त्या दिवशी वर्गात का थांबलो होतो, ते तरी तिला काय सांगू?" असं म्हणून त्यांनी फोन लावला.

नेत्रा चिगरीने, हुबळी-धारवाडच्या त्या जलद बसने आली. उन्हातून आली तरी पाणी घेतलं नाही. सरळ आपल्या खोलीत गेली. खिडकी उघडी होती, कॉटवर ऊन पडलं होतं. तिने भिंतीला हात लावला आणि चटका बसावा तसा काढून घेतला. मला वाटलं, रडेल आता, बसेल. मी चहाचं आधणसुद्धा ठेवलं. ती बाहेर आली, उंबऱ्यावर थांबली. अण्णा दारातच उभे होते. संजीवची जीभ अडखळली, हिची नाही अडखळली.

"जाते अप्पा," ती म्हणाली. अगदी साध्या आवाजात म्हणाली.

आत खोलीचा दरवाजा मिटला. आवाज झाला नाही. दार होतं तिथे नुसती पांढरी भिंत राहिली. मी धावत जाऊन तुळईकडे बघितलं. बोटभरसुद्धा हलली नव्हती. एका खोलीच्या श्वासाने काय व्हायचं होतं? हे आम्हाला दोघांनाही आधी कळायला हवं होतं, आणि मला वाटतं अण्णांना ते कळलेलं होतं.

मी दाराशी परत आले तेव्हा नेत्रा फाटकापर्यंत पोचली होती. अण्णांनी नेहमीसारखा हात वर केला, आणि जन्मभराच्या सवयीने म्हणाले, "ये हं बाळा."

तिला ऐकू गेलं नाही. उंबऱ्यालाही गेलं नाही. उंबरा निघणाऱ्याचं ऐकतो. मागे राहणाऱ्याचं ऐकायला आम्ही त्याला कधी शिकवलंच नव्हतं.