मूठभर ज्युनिपर

अमेरिकेत, रेडमंडच्या आमच्या मराठी कंपूत मटण म्हणजे मी, हे कित्येक वर्षं ठरलेलं होतं. नवरा मात्र माझ्या रश्श्याला ‘बरं झालंय’ यापलीकडे कधी गेला नाही. स्वभावच तसा, अशी मी समजूत घालून घेतली होती. मग मागच्या ऑक्टोबरात, शेजारी नव्यानं राहायला आलेल्या नागपूरकर बाईनं आम्हाला जेवायला बोलावलं. पहिल्याच घासाला नवरा म्हणाला, ‘‘अप्रतिम झालंय. कसला वास आहे हा?’’

जेवण खरंच छान होतं. माझ्या पोटात मात्र दुखायला लागलं.

‘‘रानातले ज्युनिपरचे दाणे आहेत, दादा. डोंगरापलीकडे हाइकला गेलो होतो ना, तिथून आणले. जिनमध्ये हाच फ्लेवर असतो. पण ओळखता यायला हवेत, काही जाती पॉइझनस असतात.’’ मग माझ्याकडे वळून, ‘‘काकू, देऊ का थोडे? कसे वापरायचे तेही सांगते.’’

माझ्याहून फार तर सात-आठ वर्षांनी लहान असेल. तो दादा आणि मी काकू.

तिनं वाटीत काढून दाखवले. मिरीहून जरा मोठे, निळसर, द्राक्षावर असते तशी वर पांढुरकी झाक. मी म्हटलं, ‘‘नको गं, आहेत आमच्याकडे.’’ कुठले असायला? पण तिच्यापुढे वाटी धरणं माझ्या जिवावर आलं.

दुसऱ्याच दिवशी दुकानातून वाळवलेल्या ज्युनिपरची पुडी आणली. मसाला मोजून घालणं आमच्या माहेरी कुणाला माहीत नाही. अंदाजानं मूठभर घेतले, भाजले आणि कांदा-खोबऱ्याबरोबर वाटले. रस्सा उकळायला लागला तसा घरभर नुकती फरशी पुसल्यासारखा वास सुटला. चव कडूजहर. तरी वर कोथिंबीर पेरून मी वाढलं.

नवऱ्यानं भाकरीचा तुकडा बुडवला, चावला, वर पाण्याचा घोट घेतला. मी त्याच्या तोंडाकडे बघत होते. नुसतं ‘बरं झालंय’ म्हणाला असता तरी मला चाललं असतं.

‘‘यातही ज्युनिपर आहेत का?’’

‘‘आहेत.’’

‘‘मग ती किती घालते, एकदा विचारून घे ना.’’

माझं डोकं फिरलं. ‘‘तूच विचार. आणि जेवायलाही तिकडेच जा.’’

 ताट जरा पुढे सारत तो अगदी मनापासून म्हणाला, ‘‘आज असतील का गं ते घरी?’’