नातीच्या खेळातला हरवलेला भाऊ

चिखलीच्या घरी नात मोबाइलवर एक खेळ खेळते. त्यातली मुलगी राक्षसांशी लढत हरवलेल्या भावाला शोधते. मला त्या भावाचा पहिल्यापासून संशय होता.

"हरवलेला माणूस पावलांचे ठसे पुसत जात नाही," मी म्हटलं. "हा लपलाय."

"आजी, तुला सगळ्यांचाच संशय!"

काल भाऊ सापडला. म्हणाला, "मला शोधू नकोस." नात रडकुंडीला आली.

मला नवल वाटलं नाही. चाकणच्या जमिनीतला हिस्सा सोडायची सही मी केली नाही, तेव्हापासून माझा भाऊ इथं जवळच निगडीला राहत असून भाऊबीजेला येत नाही. भाऊ नसलेल्या बायकांसारखी मी चंद्राला ओवाळते.

"मग शोधू की नको?" नातीनं विचारलं.

"शोध. पण गोड बोलायला लागला, तर आधी काय हवंय ते विचार."